सॉकेटला लावलेलं तेल

फेब्रुवारी सरत आला की आमच्याकडची हवा खडखडीत कोरडी होते आणि तासगावच्या या पट्ट्यात नजर जाईल तिथे बेदाण्याच्या शेडवर हिरव्या जाळ्या चढतात. सकाळी दार उघडलं की पहिला येतो तो गंधकाचा वास. नाकात चढतो, घशात बसतो, दोरीवरच्या साड्यांनाही लागतो. माझं माहेर कोरेगावचं. आम्हाला घेवडा माहीत, द्राक्षं फक्त खायला माहीत. लग्न होऊन इथे आले त्या पहिल्या वर्षी मला वाटलं, शेजारी काहीतरी पेटलंय. धावत अंगणात आले तर सासूबाई निवांत भाकरी थापत होत्या. म्हणाल्या, "बेदाण्याला धुरी दिलीया. रंग चढतो." त्याला बावीस वर्षं झाली. सासूबाई गेल्या, वासाची सवय झाली. पण गेल्या वर्षीपासून तो वास आला की मला दुसरंच काही आठवतं, आणि त्याचा बेदाण्याशी काही संबंध नाही. संबंध आहे तो एका कॉम्प्युटरशी.

कॉम्प्युटर माझ्या मुलीचा, ऋताचा. सांगलीतून आणलेला जुना, कुणीतरी वापरून सोडलेला. त्यावर ती घरं काढायची. कागदावरची नाहीत, ज्यांच्या आत शिरता येतं, खिडकीतून ऊन कुठवर येतं ते बघता येतं, तसली. तो बिचारा डबा एका जिन्याचं चित्र पुरं करायला सगळी दुपार घ्यायचा. मग पोरगी हट्टाला पेटली. दोन उन्हाळे ती शेजारच्या छबूकाकीच्या शेडवर बेदाणा निवडायला गेली. सकाळी आठला जायची, संध्याकाळी यायची तेव्हा केसांत काड्या आणि बोटं चिकट. शिक्षिकेची पोर शेडवर जाते म्हणून चारजणी बोलल्या. मी लक्ष दिलं नाही, खरं सांगायचं तर मला तिचा अभिमानच वाटत होता.

पहिल्या उन्हाळ्याच्या कमाईतून तिने एक जुना प्रोसेसर आणला. प्रोसेसर म्हणजे कॉम्प्युटरचं डोकं, आणि सॉकेट म्हणजे आतल्या मुख्य बोर्डावरची त्याची बसायची जागा, एवढं ज्ञान मला तिने पोळ्या लाटता लाटता दिलं. त्या दिवशी तिने बारीकसा दांडा वर करून ते सॉकेट उघडलं आणि मला बोलावलं. मी वाकून बघितलं आणि बघतच राहिले. पेठेच्या तुकड्याएवढी जागा आणि त्यात हजारावर सोनेरी पिना, केसाहून बारीक, सगळ्या एकाच बाजूला मान वाकवून उभ्या. माझी समजूत होती की पाय असतात ते प्रोसेसरला. काहींना असतातही म्हणे. पण याचे पाय बोर्डात, आणि वरचा प्रोसेसर खालून नुसता सपाट. "बोट लावू नकोस," ऋता म्हणाली, "एक पिन वाकली तरी सगळं गेलं." मी हात मागे घेतले, साडीचा पदरसुद्धा आवरून धरला.

तो प्रोसेसर बसला. खाचेला खाच जुळली, दांडा खाली गेला. आणि कॉम्प्युटर सुरूच होईना. पंखा फिरायचा, पडदा काळा. दोन दिवसांनी तिला कळलं की पिनांची संख्या तीच, माप तेच, नाव तेच, पण हा प्रोसेसर पुढच्या पिढीचा आणि बोर्ड मागच्या पिढीचा. म्हणजे बसतो, पण चालत नाही. मी चक्रावले. मी तिसरीला शिकवते, आमच्याकडे भोकात बसला तो तुकडा बरोबर असतो.

तात्या तिथेच खुर्चीवर बसून सगळं ऐकत होते. तात्या म्हणजे माझे सासरे. फौजेत आर्मरर होते, म्हणजे बंदुका दुरुस्त करणारे. ते म्हणाले, "आमच्याकडंबी असंच हाय. बोल्टावर नंबर असतो, बॉडीवर नंबर असतो. दुसऱ्या रायफलीचा बोल्ट बसतो की, मस्त बसतो. पर नंबर जुळला न्हाई तर हात लावायचा न्हाई." नातीने डोळे विस्फारून विचारलं, "मग तुम्ही मला आधी का नाही सांगितलंत?" तात्या म्हणाले, "तू इचारलंस कुठं?" दोघं हसले. त्या दिवसापासून त्यांचं गूळपीठ जमलं.

तात्यांबद्दल थोडं सांगायला हवं. फौज सोडून त्यांना पंचवीसेक वर्षं झाली, पण रविवारची सफाई सुटली नाही. नाष्टा झाला की ओसरीवर गोणपाट अंथरायचं, त्यावर हत्यारं ओळीने मांडायची, चिंदीचे एका मापाचे तुकडे फाडायचे आणि तेलाची कुपी उजव्या हाताला ठेवायची. बंदूक आता कुठली? मग कात्री, अडकित्ता, शिलाई मशीन, दाराच्या बिजागऱ्या, छत्री. खोलायचं, पुसायचं, तेलाचा हलका हात मारायचा, परत जोडायचं. एकदा माझ्या मिक्सरच्या बुडाला तेल लावलं आणि आठवडाभर आमच्या चटणीला मशीनचा वास होता. मी चिडले तर म्हणाले, "आवाज कमी झाला का न्हाई सांग." कमी झाला होता.

दुसऱ्या उन्हाळ्याला, म्हणजे गेल्या वर्षी, ऋताने शहाणपणाने बोर्ड आणि प्रोसेसर दोन्ही नवे आणले, एकमेकांना जुळणारे. सतराशे पिनांचं सॉकेट. खोकी आली तेव्हा तिची प्रात्यक्षिक परीक्षा चालू होती. तिने स्वतःलाच बजावलं, परीक्षा संपेतोवर हात लावायचा नाही, आणि खोकी टेबलावर ठेवून ती कॉलेजला गेली. त्या दिवशी आभाळ भरून आलं होतं. बेदाणा रॅकवर वाळत असताना आभाळ आलं की आमच्याकडे माणसं हळू आवाजात बोलायला लागतात. मी शाळेतून घरी आले तेव्हा छबूकाकी आमच्या ओसरीवरच होती, तिच्या शेडवरच्या दोन बायकाही होत्या. ताडपत्री मागायला आल्या होत्या.

आत गेले. टेबलावर बोर्ड उघडा. सॉकेटवरचं काळं प्लॅस्टिकचं झाकण बाजूला. तात्या खुर्चीवर ताठ बसलेले, दोन्ही हात मांड्यांखाली. आणि सॉकेटच्या एका कोपऱ्यात पिनांचा चुराडा. मला चष्मासुद्धा लावावा लागला नाही.

"तात्या, हे काय झालं?"

ते बोर्डाकडेच बघत म्हणाले, "साफ करत हुतो. तेलाचा हात मारला."

"पिनांना?"

"व्हय. पिनास्नी."

मी ओरडले. इतक्या वर्षांत सासऱ्यांसमोर मी आवाज चढवला नव्हता, त्या दिवशी चढवला, आणि ओसरीवर तीन बायका उभ्या असताना चढवला. मी म्हणाले, ही काय तुमची रायफल आहे का, जे दिसेल त्याला तेल लावत सुटता, पोरीने दोन उन्हाळे बोटं चिकट करून आणलेली वस्तू, तुम्हाला काही कळतं की नाही. 'कळतं की नाही' हे शब्द मी वापरले. आजही आठवलं की कानशिलं तापतात. छबूकाकी दारातून डोकावली आणि तोंडाला पदर लावून म्हणाली, "आगं बया! संगणकाला त्याल लावलं व्हय?" आणि त्या तिघी हसल्या.

ऋता आली. तिने बोर्ड उचलून उजेडात धरला, बराच वेळ बघितला, खाली ठेवला. रडली नाही. ती रडली असती तर मला बरं वाटलं असतं. "राहू दे आई," एवढंच म्हणाली आणि परीक्षेचं पुस्तक उघडून बसली.

दोन दिवसांनी सुट्टी घेऊन मी बोर्ड सांगलीला नेला. बसस्टँडच्या मागच्या गल्लीत मुल्लाभाई म्हणून एक दुरुस्तीवाला आहे, वाकलेल्या पिना सरळ करतो असं ऋताने सांगितलं होतं. मी सगळी हकिकत आधीच ऐकवली. सासरे, चिंदी, तेल. त्याने बोर्ड सूक्ष्मदर्शकाखाली सरकवला आणि समोरच्या पडद्यावर एकदम शेत उभं राहिलं. सोनेरी ताटांच्या सरळ ओळी, आणि कोपऱ्यात वाऱ्यावादळाने लोळवलेली ज्वारी असावी तशी दाणादाण.

"ताई, त्याल कुणी लावलं म्हणालात?"

"सासऱ्यांनी."

"न्हाई लावलं. ठणठणीत कोरडं हाय. आन् चिंदी फिरवली आसती तर सगळा पट्टा एका अंगाला लोळला आसता. हितं बघा, निस्ता कोपरा दबलाय. वरनं पडलाय प्रोसेसर, कोपऱ्यावर." त्याने चिमट्याचं टोक पडद्यावर टेकवलं. "एकदा हितं. मग हितं. आन् परत हितं. तीनदा बसवायला गेलंय कुणीतरी, तिन्ही बारीला हातातनं सुटलाय. हात थरथरतो का कुणाचा घरात?"

गल्लीत कुणीतरी रिक्षा सुरू करत होतं, ती सुरू होत नव्हती, आणि मी तोच आवाज ऐकत उभी होते. तात्या खोटं बोलले होते. जो माणूस सुटे पैसे जास्त आले म्हणून भर उन्हात तासगावच्या दुकानात परत जातो, तो माझ्या तोंडावर खोटं बोलला होता. मुल्लाभाईने दोन पिना मुळापासून तुटल्याचं सांगितलं, प्रोसेसर ठीक आहे पण बोर्ड गेला म्हणाला, मी मान डोलावली. नफ्यातोट्याचं तेव्हा काही डोक्यातच शिरत नव्हतं.

परतीच्या एसटीत खिडकीशी बसले आणि एकेक गोष्ट समोर यायला लागली. तात्यांनी कपबशी सोडून स्टीलचा ग्लास कधी घेतला? दाढी घरी करायचे, ती न्हाव्याकडे कधी गेली? बटणांचा पांढरा सदरा जाऊन बिनबटणांचा बनियन कधी आला? आणि दिवाळीनंतर रविवारची सफाई कमी कमी होत गेली, मला वाटलं म्हातारपण, कंटाळा. मशीनच्या सुईत दोरा मी ओवून द्यायला लागले होते, त्याचंही मला काही वाटलं नव्हतं. मी त्याच घरात राहत होते. रोज त्यांना ताट वाढत होते. सतराशे पिनांमधली एक वाकडी असली तर माझ्या पोरीला दिसते, आणि मला एका माणसाचे दोन हात दिसले नाहीत. कवठेएकंद गेलं, बस थांबली, सुटली. मला माझीच भीती वाटली.

घरी आले. ऋता यायला वेळ होता. तात्या ओसरीवर होते.

"तात्या, तेल लावलंच नव्हतं ना?"

ते दचकले. मग सावकाश म्हणाले, "कुणी सांगितलं?"

"पिनांनी."

त्यांनी समोरच्या शेडकडे तोंड वळवलं. बायका रॅकवरचा बेदाणा हलवत होत्या. "दिवाळीपास्नं हलतोय," ते म्हणाले. "आधी उजवा, मग डावा. म्हणलं, जाईल. मग ती खोकी आली. बारीक काम. म्हणलं, बघूया तरी. हे जमलं तर समजायचं हात हायेत. तीन चान्स दिले मी त्येला."

"मग खरं का नाही सांगितलंत? मी तुम्हाला इतकं बोलले, बायकांसमोर बोलले..."

"बोललीस ते बरंच झालं. त्याल लावणारा म्हातारा चालतो गं मंगल. लोकं हसत्यात आन् सोडून देत्यात. हात हलणारा आर्मरर न्हाई चालत." आणि मग, हात न जोडता, नुसते माझ्याकडे बघून म्हणाले, "गावात कळू दिऊ नको. आन् शिवाला तर आजाबात न्हाई."

शिवा म्हणजे त्यांचा मुलगा, माझा नवरा. तो फौजेत आहे, सरहद्दीवर. ऋताला मात्र त्यांनी स्वतः सांगितलं. ती घरात शिरली तेव्हा उठून उभे राहिले आणि साहेबासमोर द्यावा तसा रिपोर्ट दिला. त्याल लावलं न्हवतं, हात हलला, खोटं बोललो. पोरगी दप्तर खांद्यावरून न काढता ऐकत होती. म्हणाली, "मला हाक मारायची होती तात्या. मी बोर्ड धरला असता." मला वाटतं, त्या सगळ्या दिवसांत कुणी शहाणं बोललं असेल तर ते एवढंच.

मिरजेच्या डॉक्टरांनी तपासलं. म्हणाले, नसांचा कंप आहे, काही करायला गेलं की वाढतो, गोळ्यांनी कमी होईल, पुरता जाणार नाही. चमच्याने खायची, लिहायची रीत थोडी बदलावी लागेल. तात्यांनी फक्त एक प्रश्न विचारला, "किती कमी?" डॉक्टरांनी खांदे उडवले. येताना आम्ही दोघं एकाच बाकावर बसलो होतो, आणि मला आयुष्यात पहिल्यांदा त्या हातांकडे सरळ बघायचा धीर होत नव्हता.

त्यानंतरचं वर्ष मी कसं काढलं ते माझं मला ठाऊक. कारण गोष्ट गावभर झाली होती. छबूकाकीने ती शेडवर सांगितली, शेडवरून ती द्राक्षाच्या गाड्यांबरोबर कुठे कुठे गेली असेल कोण जाणे. तात्या दूध आणायला निघाले की पोरं विचारायची, "तात्या, मोबाईलला कुठलं त्याल चांगलं वो?" बेदाण्याला लावायचं तेल असतं ना, द्राक्षं बुडवताना पाण्यात घालतात ते, त्याचा डबा दाखवून एकजण म्हणाला, "आवं, पुढल्या बारीला ह्ये वापरा, पिना पिवळ्याधमक व्हतील." तात्या हसायचे. खरंच हसायचे, वर "आण हिकडं, छत्रीला लावतो," म्हणायचे. आणि मी दारात उभी राहून ओठ चावायची. एक वाक्य बोलले असते तर सगळे गप्प झाले असते. पण ते वाक्य उच्चारायचं तर त्यांचा हात चारचौघांत उघडा करावा लागणार होता. मीच त्यांना चारचौघांत मूर्ख ठरवलं होतं, आणि आता ते निस्तरायची वाट मलाच बंद होती. नवऱ्याचा फोन यायचा, तोही हसत विचारायचा, "काय गं, तात्यांनी फ्रिजला तेल लावलं का?" मी म्हणायची, "तुझं जेवण झालं का?"

मला अजून नवल वाटतं ते याचं. माणसाला आपल्या कुठल्या गोष्टीची लाज वाटेल याचा काही नेम नसतो. मला वाटायचं, अडाणी म्हणवून घेण्याइतकं वाईट काही नाही. शाळेत मी पोरांना तेच शिकवत आले. आणि इथे एक हुशार माणूस वर्षभर स्वतःहून अडाणी राहिला होता, कारण त्याच्या लेखी डोकं गेलं तरी चालेल, हात जाता कामा नये. डोकं त्यांनी फौजेत साहेबांच्या हवाली केलं होतं, पण हात शेवटपर्यंत त्यांचे स्वतःचे होते.

यंदा पुन्हा धुरी सुरू झाली. ऋता आधी गेल्या उन्हाळ्याचा उरलेला बेदाणा निवडून, मग दिवाळीच्या सुट्टीत काम करून पुन्हा बोर्डापुरतं जमवत आली होती. परवा खोकं आलं. या वेळी तिने ते आत ठेवलं नाही, ओसरीवरच उघडलं, उजेड चांगला म्हणून. झाकण निघालं. त्याच सतराशे पिना, एकाच बाजूला मान वाकवून उभ्या. तात्या तिच्या शेजारी पाटावर. मी तांदूळ निवडत होते, म्हणजे ताट मांडीवर होतं, निवडत काही नव्हते.

आणि नेमकी छबूकाकी आली. दोन बायका घेऊनच आली. फाटकातूनच म्हणाली, "आगं बया, परत आणलं व्हय? ऋते, तात्यास्नी लांब बसीव बाई! कुपी कुठं ठिवलीया बघ आधी!" बायका हसल्या. मग जवळ येऊन सॉकेटकडे बघत ती म्हणाली, आणि या वेळी जरा खरंच विचारलं, "पर काय वो तात्या, तुमी एवढं बंदुका जोडणारं मानूस. ह्ये एवढं बसवायला पोरगी कशाला? तुमीच का बसवत न्हाई?"

मी ताट खाली ठेवलं. तोंड उघडलं. काय बोलणार होते मला माहीत नाही, पण काहीतरी बोलणार होते, दूध उतू चाललंय, फोन वाजतोय, काहीही.

तात्यांनी उजवा हात पुढे केला. छबूकाकीच्या समोर, बोटं पसरून, हवेत धरला. आणि तो हलायला लागला. गोळ्या चालू होत्या तरी हलत होता, अंगठा सगळ्यात जास्त.

"ह्येच्यामुळं," ते म्हणाले. "तवाबी ह्येच्यामुळंच. त्याल लावलं न्हवतं काकी मी. हातातनं पडला. सुनेनं मला उगं बोल लावला न्हवता, मीच तिला खोटं सांगितलं."

छबूकाकीचं हसू तोंडावर तसंच राहिलं आणि मग हळूहळू गेलं. बायका त्या हाताकडे बघत होत्या. ऋताने एकदाच आजोबांकडे बघितलं, मग प्रोसेसर कडांना दोन बोटांनी धरून सॉकेटवर अलगद टेकवला आणि दांडा दाबला. तो दांडा बसताना कर्र आवाज येतो, काहीतरी मोडतंय असा. मी डोळे मिटले. उघडले तेव्हा प्रोसेसर बसलेला होता आणि तात्यांचा हात अजून तसाच हवेत हलत होता. तो खाली घ्यायची त्यांना काही घाई नव्हती.